हौदात गाळ नव्हता

आमचं मालक सूर मारायचं. धंदा तो न्हवं, सुराला पगार कोण देतंय. धंदा नावेचा. बोरगावच्या अलीकडं दूधगंगेला आमचा उतार हुता, तितं माझ्या सासऱ्याची नाव चालायची. पावसाळा लागला की पार दिवाळीपातूर माणसं, गाड्या, म्हशी अल्याड-पल्याड करण्यात दम खायला सवड नसायची. उन्हाळ्यात नदी गुडघ्याला यायची, माणसं चालत पलीकडं जायची आन् नाव वाळूत पालथी पडायची. मग ह्यांचं सूर सुरू हुयाचं.

माझं लगीन झालं तवा मी तेरा वर्सांची. शाळा दुसरीपातूर. पोहाय मला येत नव्हतं, अजूनबी येत न्हाय.

चैतात देवीची जत्रा असायची. दुसऱ्या दिवशी कुस्त्या, पयल्या दिवशी सूर. गावातल्या जैनाच्या आप्पांची चार मोटंची विहीर हुती, फड तितं भरायचा. आप्पांना दिवस मावळायच्या आत जेवायचं असायचं, म्हणून ऊन डोक्यावर असतानाच सुरुवात. लांबलांबच्या गावची माणसं गाड्या जुपून यायची आन् विहिरीच्या काठाला मुंगीला जागा ऱ्हायची न्हाय.

आमच्याकडची रीत अशी. मोटंचं चाक ज्या लाकडावर बसवत्यात त्या लाकडावर गड्यानं उभं ऱ्हायचं. चैतात पाणी खोल गेलेलं असायचं, वरनं बघितलं की माणसं मागं सरायची. तितनं डोस्कं खाली करून पाण्यात शिरायचं, तळाला जायचं आन् मधल्या झऱ्याजवळचा गाळ मुठीत घिऊन वर यायचं. वर आला की हात उंच धरायचा. मग माणसं वरडायची, "बंदा! बंदा!" निम्मं गाव कानडी बोलायचं, बंदा म्हंजे आला. आप्पा पायरीवर बसलेलं, म्होरं पळसाचं पान. गड्यानं मूठ पानावर सोडायची. आप्पा ती माती बोटानं चोळायचं, मग नाकाला लावायचं. कडंची माती तांबडी, मुरमाची. मधली काळीनिळी, आन् तिला लोखंडासारखा वास. काळी निघाली तर सूर धरायचा. सूर कितीबी देखणा असू दे, मूठ रिकामी आली तर तो पाण्यात गेलाच न्हाय असं समजायचं.

एका वर्सी शेजारच्या गावचा एक गडी लंगोटात घरची काळी माती बांधून आला. आप्पांनी वास घेतला आन् नाक मुरडलं.

"तम्मा, तुमच्या गावात शेळ्या विहिरीत बांधत्यात काय रं?"

सगळा काठ हसला. त्यो गडी परत कुठल्या जत्रंत दिसला न्हाय.

ह्यांची मूठ मी कवा रिकामी बघितली न्हाय. फेटा आन् नारळ मिळायचा. नारळ देवीला, फेट्याच्या मी लेकरांना कुंच्या शिवल्या. तीन लेकरं झाली. दोन तापात गेली, एकाच आठवड्यात. एक पोरगी ऱ्हायली.

एक गोष्ट आधी सांगतो, न्हायतर पुढलं कळायचं न्हाय. माझी पयली जत्रा. हे अंगाला तेल लावून निघालं हुतं आन् मी दारात उभं ऱ्हाऊन इचारलं, "आज पाणी किती हाय वो? तळ कितीवर हाय?"

सासू भाकरी थापत हुत्या. उठल्या, पिठाचा हात तसाच माझ्या तोंडावर मारला.

"पाण्यात जाणाऱ्याला तळ इचारायचा न्हाय आन् सांगायचाबी न्हाय. नावाड्याच्या घरात आलीयास. तळ ज्याचा त्यानं गाठायचा असतोय."

बाईनं तळाचं नाव घेतलं की पाणी माणसाला तितंच बसवून घेतंय, असं त्यांचं म्हणणं. मला वाटलं, म्हातारीचं खूळ. पण त्या दिवशी हे वर आलं ते भुवई फाटून. आतल्या दगडाला घासलं हुतं. मूठ भरलेली हुती, डोळ्यात रगात. सासू हळद दाबत हुत्या, दाबता दाबता माझ्याकडं बघितलं. तेवढं मला बास झालं. पुढं कुणीबी पाण्यात निघालं की ते उंबरा ओलांडंपातूर मी आत जाऊन चुलीम्होरं बसायची सवय लावून घेतली, मागनं मग विहिरीवर जायाचं.

सुराबरोबर आणखीन एक काम ह्यांच्याकडं यायचं. पंचक्रोशीत कुणी विहिरीत पडलं की माणूस पळत आमच्या दारात. मेल्यालं माणूस काढायचं काय घ्यायचं न्हाय, अशी सासऱ्यांची शिस्त. हे जायचं, काढून आणायचं, नदीवर अंघोळ करायचं आन् त्या दिवशी जेवायचं न्हाईत. एवढ्या खोल जाऊन जाऊन ह्यांचं कान दुखाय लागलं. पयल्यांदा नुसता ठणका. मग उशीवर डाग पडाय लागलं.

दुसरी लढाई लागायच्या आधी दोन-तीन वर्सांची गोष्ट. भरतीवाली पलटणीची माणसं गावोगाव फिरत हुती. त्यातलं एक सुभेदार आन् त्यांचं शिपाई आमच्या नावेतनं पलीकडं निघालं. मधे धारंला नाव डोलली आन् एका शिपायाची बंदूक पाण्यात. सुभेदार पांढरं फटक पडलं. बंदूक गेली म्हंजे त्यांची फीतबी गेली. ह्यांनी वल्हं सासऱ्यांच्या हातात दिलं आन् उडी टाकली. तिसऱ्या खेपंला बंदूक घिऊन वर आलं. सुभेदारांनी ह्यांना मिठी मारली, वल्ल्या अंगाला.

"अण्णा, बेळगावात कॅम्पात मी असतोय. कवाबी अडचण आली तर दार ठोठाव."

अडचण याला वर्ष लागलं न्हाय. वरच्या अंगाला पूल झाला. गाड्या तिकडनं वळल्या, मागनं माणसं वळली. नाव पावसाळ्यातसुदीक बांधूनच ऱ्हाय लागली. सासरं त्याच साली गेलं. आमी दुसऱ्याच्या रानात भांगलायला जाय लागलो. एकदा चार दिवस घरात नुसत्या अंबाडीच्या भाजीवर काढलं, पोरगीनं त्या भाजीचं पाणी ओतून टाकलं म्हणून मी तिला मारलं. निपाणीच्या दवाखान्यातला डॉक्टर म्हणाला, डावा कान गेल्यातच जमा हाय, खोल पाण्यात जाणं थांबवलं न्हाय तर उजवाबी जाईल.

तवा हे कॅम्पात गेलं आन् सुभेदारांचं दार ठोठावलं.

सुभेदार शब्दाला जागलं. कॅम्पात पलटणीचा पोहायचा हौद हुता. नव्या शिपायांना पोहाय शिकवायला एक माणूस ठेवायचा हुता. वर्साला तितं सुराच्या शर्यती हुयाच्या. सायबानं सांगितलं हुतं, बाहेरचा गडी असला तरी चालंल, पण त्यानं शर्यतीत उतरून दाखवावं. पयल्या तिघात आला तर नोकरी. नोकरी म्हंजे महिन्याचा पगार, राहायला खोली, धान्य. आन् हौद काय विहिरीगत खोल नसतोय, म्हंजे उजवा कान वाचणार. आमचं सगळं त्या एका दिवसावर येऊन बसलं हुतं.

पोरगीला सासूजवळ ठेवून आमी दोघं निपाणीवरनं मोटारीनं बेळगावला गेलो. सुभेदारांच्या घरी उतरलो. त्यांच्या मालकीण म्हंजे वैनी लई मोकळ्या मनाच्या. शर्यतीला दोन दिवस हुते. सुभेदारांनी ह्यांना समजावून सांगितलं.

"साहेब लोक एकच बघत्यात. पाण्यात शिरताना पाणी किती उडतंय. तू पाणी उडवू नगंस, बाकीचं सोड."

"तेवढंच?" ह्यांनी इचारलं.

"तेवढंच. अंग सरळ आन् पाणी कमी."

आमच्या जत्रंचा सूर सुभेदारांनी कवा बघितला नव्हता. त्यांनी ह्यांना नदीत बंदुकीसाठी जाताना बघितलं हुतं. त्यामुळं गाळाची गोष्ट त्यांच्या डोस्क्यात येणार कुठनं? आन् ह्यांना वाटलं, गाळ तर आणायचाच असतोय, त्यात सांगायचं काय.

दुसऱ्या दिवशी सकाळी वैनींबरोबर मी भाजी आणाय निघालो. वाटंत हौद लागला. शर्यतीसाठी रिकामा करून धूत हुते. चार माणसं आत उतरून नारळाच्या काथ्यानं फरशी घासत हुती. मी कुंपणाच्या तारंला धरून उभी ऱ्हायलो. पांढरा सपाट चुन्याचा तळ, ताटासारखा. एक चिमूट माती नव्हती. एकानं राहिलेला कचरा सुपलीत भरून वर फेकला, तोबी पाला हुता.

मी तार सोडंना.

"काय झालं गं?" वैनींनी इचारलं.

"काय न्हाय. स्वच्छ ठेवत्यात न्हवं?"

"मग? साहेब त्यात अंघोळ करतोय."

घरी आलो. हे अंगणात बसून नखं काढत हुतं. मी पाणी दिलं. सांगावं असं तोंडापातूर आलं. अवो, त्या हौदाच्या तळाला गाळ न्हाय, तुमी हुडकत बसू नगा. एवढंच सांगायचं हुतं. पण ते कसं सांगायचं, तळाचं नाव घेतल्याबिगर? मला ती फाटलेली भुवई दिसत हुती. म्हटलं, मी बोललो आन् हे वरच आलं न्हाईत तर? नोकरी गेली तर गेली, माणूस तरी ऱ्हाईल. वैनींना सांगावं तर त्या सुभेदारांना सांगणार, सुभेदार ह्यांना. शेवटी नाव माझ्याच तोंडचं. मी तांब्या घिऊन आत गेलो.

शर्यतीच्या दिवशी बायका तारंच्या भायेर, झाडाखाली. आत खुर्च्यांवर साहेब लोक. गोऱ्या पलटणीतलं दोघं, आपल्या पलटणीतलं चार-पाच, आन् बाहेरचं एकटं हे. बाकीच्यांनी तंग चड्ड्या घातल्या हुत्या, हे लंगोटावर. शेजारी सायबाच्या घरातली एक आया उभी हुती, ती म्हणाली, "ह्यो गडी तालमीची वाट चुकला काय?"

वैनी म्हणाल्या, "बघ आता, तुझी बोलती बंद हुईल."

उंचावर एक लांब फळी बसवली हुती. हे चढलं, खाली वाकून फळीला हात लावला, कपाळाला लावला. ती फळी लवतीया हे ह्यांना ठाऊक नव्हतं. पाऊल टाकल्यावर ती खाली गेली तसं हे एकदा थांबलं. मग परत एकदा पाऊल दाबून बघितलं, बैलाच्या पाठीवर हात ठेवून बघावं तसं.

आन् सूर मारला.

मी ह्यांचं शंभर सूर बघितलं असतील. असा न्हाय. फळीनं ह्यांना वर उचललं, वर गेल्यावर हे क्षणभर तितंच ऱ्हायलं, मग डोस्कं खाली, पाय आभाळाकडं, सरळ. पाण्यानं आवाज केला न्हाय. तांब्याभर पाणी उडालं नसंल. खुर्चीवरचा मोठा साहेब उठून टाळ्या वाजवाय लागला. आयानं पदर तोंडाला लावला. वैनींनी माझं मनगट घट्ट धरलं, "झालं गं, झालं काम!"

मी वर यायची वाट बघत हुतो. आमच्या विहिरीवर मी श्वास धरून बसायचो. माझा सुटला की मागनं हे वर यायचं, ठरल्यासारखं. माझा एकदा सुटला. परत धरला. दुसऱ्यांदा सुटला. टाळ्या थांबल्या. काठावरची माणसं वाकून बघाय लागली. आत हे फरशीवरनं फिरत हुतं, या कोपऱ्यातनं त्या कोपऱ्यात, हातानं चाचपत. मला तारंपलीकडनं ते दिसत नव्हतं, पण मला दिसत हुतं.

सायबानं शिट्टी वाजवली. दोन शिपायांनी कपड्यांसकट उड्या टाकल्या. दंडाला धरून ह्यांना वर काढलं. हे झटापट करत हुतं आन् वरडत हुतं, "अरं सोडा की! अजून गावला न्हाय!"

उजवी मूठ वर धरलेली. काठावर आणल्यावर ह्यांनी ती सायबाच्या म्होरं उघडली. आत काय हुतं, तर कोपऱ्यातलं बोटभर शेवाळ आन् जरासा चुना. नखं उलटली हुती. साहेब बघतच ऱ्हायला. सुभेदारांनी पुढं हुऊन ह्यांना इचारलं, मग सायबाला इंग्रजीत कायतरी सांगितलं. साहेब पयल्यांदा हळू हसला, मग लई हसला, मग सगळीच हसली. वाईट मनानं न्हाय हसला तो. ह्यांच्या पाठीवर थाप मारली, आपला टॉवेल दिला. पण ज्याला दोघांनी पाण्यातनं काढलं त्याचा सूर धरत न्हाईत, असा त्यांचा कायदा. आन् ज्याला दोघांनी काढलं तो दुसऱ्याला पोहाय काय शिकवणार? पुढचं सूर मारूच दिलं न्हाईत. सुभेदारांनी हात जोडलं. उपेग झाला न्हाय.

परत येताना मोटारीत हे उलटल्याली नखं चिंधीनं बांधत बसलं. मला ठाऊक हुतं नोकरी कुणी घालवली ते.

मग आमी निपाणीला आलो. तंबाखूच्या वखारीत मला काम मिळालं, चाळणीवर. ह्यांना पोती उचलायचं. तंबाखूच्या धुराळ्यानं पयलं वर्सभर मी शिंकून शिंकून रडत हुतो, मग अंगवळणी पडलं. पोरगीला आणलं. सासू तितंच गावात वारल्या. लढाई लागली, रॉकेल मिळंना, धान्याला रांगा लागल्या. तशातबी विहिरीवरनं बोलावणं आलं की हे जायाचं. मी म्हणायचो, "डॉक्टरनं काय सांगितलंय?" हे म्हणायचं, "आता एवढ्या वेळी. त्यांनी कुणाकडं जायाचं?" दर वेळी मी वाटंत आडवी हुयाचो. कवा माझं ऐकायचं, कवा न्हाय. ऐकलं की दुसरा कोण तरी पोहणारा हुडकला जायाचा. डावा कान गेलाच. उजव्याला मोठ्यानं बोलावं लागायचं.

एका दुपारी मला वाटलं, आता सांगितलं न्हाय तर सांगायचं ऱ्हाऊनच जाईल. जेवणाची सुट्टी हुती. वखारीच्या मागं भिंतीच्या सावलीला आमी भाकरी सोडून बसलो हुतो. मी उजव्या कानाकडं सरकलो.

"एक सांगू? रागवू नगा."

"काय?"

"त्या हौदात गाळ नव्हता, ते मला आधी ठाऊक हुतं. धुताना मी बघितला हुता. सांगितलं न्हाय तुमाला. आत्याबाईंनी मारलं हुतं न्हवं, म्हणून."

ह्यांनी घास खाल्ला. पाणी प्यालं. मला वाटलं ऐकू गेलं न्हाय, म्हणून मी परत सांगाय लागलो.

"ऐकलं की," हे म्हणालं. "त्यात सांगायचं काय हुतं? फळीवरनं दिसतच हुता तळ. पांढरा फेक."

"दिसत हुता?"

"मग? पाणी काचंगत हुतं."

"मग खाली काय हुडकत हुता?"

"कायतरी गावंल म्हटलं. एवढी माणसं बसली हुती. रिकाम्या हातानं वर कसं यायचं?"

मी भाकरी खाली ठेवली. इतकी वर्सं मी रोज सकाळी उठताना ते ओझं उचलत हुतो. आन् ह्यांना दिसत हुतं! दिसत असताना हुडकत बसलं! खोली गेली, पगार गेला, कान गेला, पोरगी तंबाखूत आली. मला एवढा संताप आला की आजपातूर कवा आला नसंल.

"तुमच्या मुठीपायी आमी सगळी वखारीत पडलो," मी म्हटलं. आन् उठून गेलो.

दोन दिवस मी बोललो न्हाय. भाकरी वाढायची, तोंड फिरवायचं. ह्यांनी एकदा-दोनदा बोलून बघितलं, मग सोडून दिलं.

तिसऱ्या दिवशी सकाळी लांबच्या गावचा माणूस दारात आला. कुणाच्यातरी घरची नवी सून विहिरीत पडली हुती, रात्रीपासनं सापडत नव्हती. ह्यांनी माझ्याकडं बघितलं. दर वेळी मी आडवी हुयाचो न्हवं, त्याची वाट बघत हुतं असं मला आता वाटतंय. मी चुलीत फुंकर मारत ऱ्हायलो. हे गेलं.

दिवस कलताना परत आलं. अंघोळ करून आलं हुतं, केसं वल्ली. मानंवरनं कानाखाली रगताचा वघळ वाळलेला. बाई गेलेलीच हुती, पण वर काढली, तिच्या आईला तोंड बघाय मिळालं. हे मला मागनं दुसऱ्यांनी सांगितलं. ह्यांनी सांगितलं न्हाय. भिंतीला टेकून बसलं.

रगात बघून माझा राग पळाला. मी म्हटलं, "दुखतंय का?"

काय बोललं न्हाईत. म्हटलं, आता ह्यांची पाळी, रुसू द्यात.

"आज जेवायचं न्हाय, ठाऊक हाय मला. च्या तरी करू?"

तरी न्हाय. मी जवळ गेलो. उजव्या कानाजवळ बसलो. "अवो, मी काय म्हणतोय?"

तवा ह्यांनी मान वळवली आन् माझ्या डोळ्याकडं न्हाय, तोंडाकडं बघितलं. माझं व्हट हलत हुतं ते बघत ऱ्हायलं.

पुढं लई वर्सं हे हुतं. सत्तेचाळीस साली निपाणीत झेंडा लागला, चौकात बँड वाजत हुता, हे पोरगीच्या लेकाला खांद्यावर घिऊन उभं हुतं आन् बँडवाल्यांचं गाल फुगल्यालं बघून हसत हुतं. मी मात्र तवापासनं बोलायची थांबलो न्हाय. वखारीतनं येताना, जेवताना, भांडी घासताना. आज काय भाव हाय, कोण काय म्हणालं, पोरगी कशी हाय. शेजारणी हसायच्या.

"अगं बाई, भिंतीसंगं बोलल्यागत काय बोलतीस? त्यांना काय कळतंय?"

मी म्हणायचो, "कळू दे न्हायतर न कळू दे. माझं बोलायचं लई ऱ्हायलंय."